सीमाभागातील मुलांचे हक्क आणि मानवी हक्क : वारंवार विचारले जाणारे प्रश्न

बेळगाव, खानापूर, निपाणी, चिकोडी, हुक्केरी आणि अथणी या भागांतील मराठी पालकांना अर्ज लिहून देताना जे प्रश्न पुन्हा पुन्हा कानांवर आले, त्यांची उत्तरे येथे एकत्र केली आहेत. प्रश्न वेगवेगळे असले, तरी बहुतेकांच्या मुळाशी एकच धास्ती असते. आपण राज्याच्या कडेला राहतो, आपली भाषा कचेरीची भाषा नाही, तेव्हा आपल्या लेकराचे कोण ऐकून घेणार, असे पालकांना वाटते. कायद्याने या धास्तीचा विचार केलेला आहे आणि तो मुलाच्या बाजूने केलेला आहे. मात्र तो हक्क मागून घ्यावा लागतो, आणि मागायचा तर तो कोठे लिहिला आहे हे ठाऊक असावे लागते.

प्रश्न : सीमाप्रश्न न्यायालयात असताना आमच्या मुलांना नेमका कोणत्या राज्याचा कायदा लागू होतो?

आज कर्नाटकाचा. १ नोव्हेंबर १९५६ रोजी राज्यपुनर्रचनेत हा भाग तेव्हाच्या म्हैसूर राज्यात गेला. महाराष्ट्राने २००४ मध्ये सर्वोच्च न्यायालयात दाखल केलेल्या दाव्याचा निकाल काहीही लागो, तोपर्यंत निपाणीच्या पोलीस ठाण्यावर आणि खानापूरच्या शाळेवर कर्नाटकाचेच प्रशासन आहे. परंतु यावरून घाबरून जाण्याचे कारण नाही, कारण मुलांच्या संरक्षणाचे मुख्य कायदे केंद्राचे आहेत आणि ते सीमेवरच्या कोगनोळी नाक्याच्या अलीकडे आणि पलीकडे सारखेच लागू होतात. लैंगिक अत्याचारांपासून बालकांचे संरक्षण करणारा २०१२ चा कायदा, म्हणजे पोक्सो, हा त्यांपैकी एक आहे. २०१५ चा बाल न्याय कायदा, २००९ चा शिक्षण हक्क कायदा, २००६ चा बालविवाह प्रतिबंधक कायदा आणि १९८६ चा बालकामगार कायदा हेही केंद्राचेच आहेत. फरक पडतो तो राज्याने केलेल्या दुरुस्त्यांत, राज्याच्या आयोगांत आणि कचेरीच्या भाषेत. पुढील बहुतेक उत्तरे या तीन फरकांविषयीच आहेत.

प्रश्न : आम्ही निपाणीचे, प्रकार घडला कोल्हापूर जिल्ह्यात. तक्रार कोणत्या ठाण्यात द्यायची?

जवळच्या कोणत्याही ठाण्यात. १ जुलै २०२४ पासून लागू झालेल्या भारतीय नागरिक सुरक्षा संहितेच्या कलम १७३ मध्ये स्पष्ट म्हटले आहे की, दखलपात्र गुन्हा कोणत्याही हद्दीत घडला असला, तरी त्याची माहिती कोणत्याही पोलीस ठाण्यात देता येते. यालाच झिरो एफआयआर म्हणतात. ठाणे गुन्हा नोंदवून घेते आणि मग कागद योग्य हद्दीतील ठाण्याकडे पाठवते. नोंदीची प्रत फिर्यादीला विनामूल्य मिळते. ‘ही आमची हद्द नाही, तिकडे जा’ असे उत्तर मिळाले, तर हीच गोष्ट लेखी जिल्हा पोलीस अधीक्षकांना टपालाने कळवावी, आणि तेथेही काही झाले नाही, तर दंडाधिकाऱ्यांकडे जाता येते. सीमेवरच्या गावांत हद्दीचे कारण सांगून माणसाला परत पाठवणे इतके सोपे असते की या एका कलमाचा क्रमांक प्रत्येक पालकाने पाठ करून ठेवावा.

प्रश्न : मुलीला कन्नड येत नाही. तिचा जबाब कन्नडमध्ये लिहिला गेला, तर तिने जे सांगितले तेच लिहिले आहे हे कसे समजायचे?

या प्रश्नाला थोडे सविस्तर उत्तर द्यायला हवे, कारण माझ्या मते सीमाभागातील मुलांच्या हक्कांतील सर्वांत नाजूक जागा हीच आहे.

पोक्सो कायद्याच्या कलम १९ नुसार माहिती देणारे मूलच असेल, तर नोंद मुलाला कळेल अशा सोप्या भाषेत करावी लागते. ती नोंद मुलाला न समजणाऱ्या भाषेत होत असेल, किंवा पोलिसांना गरज वाटेल, तर मुलाला दुभाषी पुरवावा लागतो. हा दुभाषी जाणकार असावा आणि त्याला मानधन द्यावे, हेही कायद्यातच आहे. कलम २६ नुसार जबाब आईवडिलांसमोर किंवा मुलाचा ज्याच्यावर विश्वास आहे अशा व्यक्तीसमोर, मूल बोलेल तसा नोंदवला जातो, आणि शक्य असेल तेथे त्याचे ध्वनिचित्रमुद्रणही करायचे असते. कलम २४ सांगते की जबाब मुलाच्या घरी, किंवा ते नेहमी राहत असेल तेथे, किंवा त्याच्या पसंतीच्या ठिकाणी घ्यावा. जबाब घेणारी अधिकारी शक्यतो उपनिरीक्षक दर्जाहून कमी नसलेली महिला असावी, आणि त्या वेळी ती गणवेशात नसावी. मुलाला कोणत्याही कारणासाठी रात्री ठाण्यात ठेवता येत नाही.

काही वर्षांपूर्वी एका प्रकरणात मी मुलीच्या आईसोबत बसलो होतो. समोर कन्नडमधील चार पाने होती. आईने पेन हातात घेतले आणि मला म्हणाली, ‘‘सर, मला कानडी वाचायला येत नाही बघा. तुम्ही म्हणाल तिथं सही करते.’’ मी तिला थांबवले आणि जबाब मराठीत वाचून दाखवण्याची विनंती केली. दुभाषी म्हणून तेथे कोणीच नव्हते, तेव्हा मराठी जाणणाऱ्या एका महिला शिपायाला बोलावण्यात आले. तिसऱ्या पानावर मुलगी म्हणाली, ‘‘नाही, मी मामाच्या घरी म्हणाले होते, मामानं असं नाही म्हणाले.’’ कोणी खोडसाळपणा केला नव्हता. ऐकणाऱ्याचे मराठी कच्चे होते, एवढेच. पण ते वाक्य तसेच राहिले असते, तर एका निरपराध माणसावर आळ आला असता आणि खरा गुन्हेगार मोकळा राहिला असता. नोंद वाचून दाखवली पाहिजे, ही अटसुद्धा कलम १९ मध्येच आहे. म्हणून मराठीत वाचून दाखवल्याशिवाय सही किंवा अंगठा देऊ नये. असे सांगणे म्हणजे पोलिसांच्या कामात अडथळा आणणे नव्हे, त्यामुळे तपास बळकटच होतो.

पोलिसांनी अशा प्रकरणाची माहिती २४ तासांच्या आत बालकल्याण समितीला आणि विशेष न्यायालयाला द्यायची असते. तपासाच्या आणि खटल्याच्या काळात मुलासोबत राहणारी साहाय्यक व्यक्ती बालकल्याण समिती देऊ शकते. ती मराठी बोलणारी असावी, अशी मागणी पहिल्याच दिवशी लेखी करावी.

प्रश्न : शाळेतील शिक्षकांना किंवा शेजाऱ्यांना प्रकार ठाऊक होता, पण कोणी बोलले नाही. त्यांच्यावर काही जबाबदारी येते का?

येते. पोक्सो कायद्याखाली असा गुन्हा घडल्याचे ज्याला कळते, त्याने तो पोलिसांना कळवणे बंधनकारक आहे. न कळवणाऱ्यास सहा महिन्यांपर्यंत कैद किंवा दंड होऊ शकतो, आणि संस्थेच्या प्रमुखाने आपल्या हाताखालील व्यक्तीचा गुन्हा दडवला, तर शिक्षा एक वर्षापर्यंत जाते. गावची बदनामी होईल म्हणून पंचांनी बसून मिटवून टाकणे हे या कायद्यात बसत नाही.

प्रश्न : बालहक्क आयोग आणि मानवी हक्क आयोग यांत फरक काय? आम्ही कोणाकडे जावे?

राज्य बालहक्क संरक्षण आयोग २००५ च्या केंद्रीय कायद्याखाली स्थापन झालेला आहे आणि तो अठरा वर्षांखालील मुलांच्या प्रश्नांपुरता आहे. राज्य मानवी हक्क आयोग १९९३ च्या मानवी हक्क संरक्षण कायद्यातून आला. सरकारी नोकराने हक्कांचे उल्लंघन केले किंवा ते रोखण्यात हयगय केली, अशा तक्रारी तो पाहतो. पोलीस कोठडीतील मारहाण, बेकायदा अटक, सरकारी वसतिगृहातील हालअपेष्टा ही त्याची उदाहरणे होत. घटनेला एक वर्ष उलटून गेले असेल, तर मानवी हक्क आयोग चौकशी करू शकत नाही. ही मुदत अनेकांची हुकते, कारण आधी ‘साहेब काहीतरी करतील’ म्हणून माणसे वाट पाहत राहतात.

चौकशी करताना दोन्ही आयोगांना दिवाणी न्यायालयासारखे अधिकार असतात, म्हणजे साक्षीदार बोलावणे, कागदपत्रे मागवणे, शपथेवर जबाब घेणे. पण शेवटी ते शिफारस करतात. त्यांचा आदेश न्यायालयाच्या निकालासारखा बजावता येत नाही. एवढ्यावरून काही जण आयोगाला बिनकामाचे म्हणतात, ते मला पटत नाही. आयोगाचे पत्र आले की जी फाईल तालुक्याच्या कचेरीत महिनोन्‌महिने हलत नव्हती ती हलते, हे मी पाहिले आहे. शिवाय शिफारस मानली गेली नाही, तर आयोगाला स्वतः उच्च किंवा सर्वोच्च न्यायालयात जाता येते. कोणी तक्रार केली नाही, तरी तो स्वतःहून दखल घेऊ शकतो, आणि शिक्षण हक्क कायद्याच्या अंमलबजावणीवर लक्ष ठेवणे हेही बालहक्क आयोगाचेच काम आहे.

दोन्ही राज्य आयोग बेंगळूरला आहेत, आणि सीमाभागातून बेंगळूर म्हणजे रात्रभराचा प्रवास. म्हणून तक्रार टपालाने किंवा ऑनलाइन पाठवावी. स्वतः जाण्याची सक्ती नाही. एकच विषय एकाच वेळी दोन आयोगांकडे पाठवू नये. एका आयोगापुढे प्रलंबित असलेले प्रकरण मानवी हक्क आयोग चौकशीसाठी घेत नाही.

प्रश्न : मराठीत लिहिलेली तक्रार चालते का?

संविधानाचा अनुच्छेद ३५० म्हणतो की, गाऱ्हाणे दूर करून घेण्यासाठी संघराज्याच्या किंवा राज्याच्या कोणत्याही अधिकाऱ्याकडे, संघराज्यात किंवा त्या राज्यात वापरल्या जाणाऱ्या कोणत्याही भाषेत निवेदन देण्याचा हक्क प्रत्येक व्यक्तीला आहे. बेळगाव जिल्ह्यात मराठी वापरली जाते, याविषयी वाद असण्याचे कारण नाही. राष्ट्रीय मानवी हक्क आयोग आठव्या अनुसूचीतील कोणत्याही भाषेतील तक्रार स्वीकारतो, आणि मराठी त्या अनुसूचीत आहे. तरीही व्यवहाराचे सांगतो : मूळ तक्रार मराठीत लिहा आणि तिला कन्नडमधील एक पानाचा गोषवारा जोडा. तक्रार आईच्या शब्दांत राहते आणि टेबलावरच्या कारकुनाला ती बाजूला ठेवायला निमित्त मिळत नाही.

प्रश्न : बालकल्याण समिती म्हणजे कोण? ती मुलाला आमच्यापासून काढून घेते का?

ही भीती गावागावांत आहे आणि बहुतांशी गैरसमजातून आलेली आहे. बाल न्याय कायद्याखाली प्रत्येक जिल्ह्यात किमान एक समिती असते. तिच्यात अध्यक्ष आणि चार सदस्य असतात, आणि त्यांत किमान एक महिला असावी लागते. निराधार, सोडून दिलेले, कामाला जुंपलेले, छळ झालेले किंवा लग्न लावले जाण्याच्या बेतात असलेले मूल सापडले की प्रवासाचा वेळ वगळून २४ तासांत त्याला समितीपुढे हजर करायचे असते. मुलाला संस्थेत ठेवणे हा कायद्याच्या दृष्टीने शेवटचा उपाय आहे. घर सुरक्षित असेल, तर मूल घरीच जावे, हे तत्त्व कायद्यात लिहिलेले आहे.

सीमाभागासाठी कलम ९५ महत्त्वाचे आहे. बेळगावच्या स्थानकावर सापडलेले मूल सांगलीचे निघाले, किंवा मिरजेत सापडलेले मूल रायबागचे निघाले, तर समितीने त्याच्या गावाकडच्या समितीशी सल्लामसलत करून त्याला शक्य तितक्या लवकर तिकडे पाठवायचे असते. मुलगी असेल, तर सोबत महिला पोलीस असते. ही पद्धत व्यवस्थित पाळली, तर दोन राज्यांच्या कागदांत मूल अडकून पडण्याचे काही कारण उरत नाही.

मुलाच्या हातून गुन्हा घडला असेल, तर ते समितीपुढे जात नाही, बाल न्याय मंडळापुढे जाते. त्याला पोलीस कोठडीत किंवा तुरुंगात ठेवता येत नाही.

प्रश्न : कर्नाटकात आणि महाराष्ट्रात बालविवाहाचा कायदा वेगळा आहे, असे ऐकले. खरे आहे का?

खरे आहे, आणि प्रादेशिक कायद्याने मुलीचे आयुष्य कसे बदलते याचे याहून चांगले उदाहरण माझ्याजवळ नाही. २००६ च्या केंद्रीय कायद्यानुसार मुलीचे वय १८ आणि मुलाचे २१ पूर्ण होण्यापूर्वी लग्न लावणे हा गुन्हा आहे. तरी असे लागलेले लग्न आपोआप रद्द होत नाही. ज्याचे लहानपणी लग्न लावले गेले, त्या व्यक्तीने स्वतः न्यायालयात जाऊन, सज्ञान झाल्यापासून दोन वर्षांच्या आत ते रद्द करून घ्यावे लागते. सासरी नांदत असलेली एकोणीस वर्षांची मुलगी कडेवर मूल घेऊन न्यायालयाची पायरी चढेल, ही अपेक्षाच किती अवघड आहे, हे वेगळे सांगायला नको.

कर्नाटकात न्यायमूर्ती शिवराज पाटील यांच्या समितीने २०११ मध्ये बालविवाहांविषयीचा अहवाल दिला. पुढे राज्याने केंद्रीय कायद्यात आपल्यापुरती दुरुस्ती केली. ती २०१७ मध्ये अमलात आली. तिच्यामुळे त्यानंतर कर्नाटकात लागलेला प्रत्येक बालविवाह मुळातच शून्य ठरतो. तो रद्द करून घेण्यासाठी मुलीला काही सिद्ध करत बसावे लागत नाही. सर्वोच्च न्यायालयाने ११ ऑक्टोबर २०१७ च्या निकालात अठरा वर्षांखालील पत्नीशी शरीरसंबंध हा बलात्कारच आहे, असे ठरवताना कर्नाटकाच्या या दुरुस्तीची आवर्जून प्रशंसा केली आणि इतर राज्यांनीही असे करावे, अशी अपेक्षा व्यक्त केली.

यातून एक पळवाट निघते. चिकोडी किंवा निपाणी भागातील मुलीचे लग्न ‘तिकडे मामाच्या गावाला’ म्हणून सीमेपलीकडे नेऊन लावले जाते. तेथे लागलेल्या लग्नाला मूळ केंद्रीय कायदा लागतो. परंतु गुन्हा दोन्हीकडे गुन्हाच आहे. लग्न लावणारे, ठरवणारे, त्यात सहभागी होणारे आईवडील, भटजी आणि मंडप गाजवणारे पाहुणे यांपैकी कोणीही सुटत नाही. शिक्षा दोन वर्षांपर्यंत सक्तमजुरी आणि एक लाखापर्यंत दंड अशी आहे. एक गोष्ट मात्र कायदा करतो : असे लग्न ठरवणाऱ्या किंवा त्यात सहभागी होणाऱ्या स्त्रीला कैदेची शिक्षा देता येत नाही.

लग्न लागण्यापूर्वी कळले, तर कलम १३ खाली दंडाधिकाऱ्यांकडून मनाई हुकूम घेता येतो, आणि हुकूम मोडून लावलेले लग्न कोणत्याही राज्यात शून्यच ठरते. म्हणून पत्रिका छापून झाली आहे, वऱ्हाडासाठी टेम्पो ठरला आहे, असे कळले तरी उशीर झाला असे समजू नये. १०९८ वर फोन करावा, किंवा अंगणवाडी सेविकेमार्फत बालविकास योजना अधिकाऱ्यांना कळवावे. फोन करणाऱ्याने आपले नाव सांगितलेच पाहिजे, असे नाही.

प्रश्न : यल्लम्माला मुलगी सोडण्याची प्रथा आता संपली आहे ना? मग तिच्यासाठी कायदा कशाला?

यल्लम्मा देवीचे स्थान असलेला सौंदत्तीचा डोंगर बेळगाव जिल्ह्यातच आहे आणि तेथे जाणाऱ्या भाविकांत कोल्हापूर, सांगलीकडची मराठी कुटुंबे मोठ्या संख्येने असतात. देवीवरची श्रद्धा हा ज्याचा त्याचा प्रश्न आहे, आणि तिच्याविषयी येथे काहीही म्हणायचे नाही. मुलगी देवाला वाहणे ही गोष्ट वेगळी आहे. तिला मुंबई प्रांतात १९३४ मध्ये कायद्याने बंदी आली, कर्नाटकाने १९८२ मध्ये स्वतंत्र कायदा केला आणि महाराष्ट्राचा कायदा २००५ चा आहे. इतक्या वेळा कायदा करावा लागला, हीच त्या प्रथेच्या चिवटपणाची साक्ष आहे. मुलीची संमती होती, नवस होता, केसांत जट आली होती, यांपैकी कोणतेही कारण कायदा मानत नाही. आईवडिलांनीच मुलगी सोडली असेल, तर कर्नाटकाच्या १९८२ च्या कायद्यात त्यांना इतरांहून जास्त शिक्षा ठेवलेली होती. मुलीच्या गळ्यात देवाला वाहिल्याची खूण म्हणून मोती बांधल्याचे दिसले, तर पोक्सो आणि बाल न्याय कायदाही लागू होऊ शकतो. त्यासाठी ती प्रौढ होण्याची वाट पाहू नये.

प्रश्न : आम्ही ऊसतोडीला जातो. शाळेचा दाखला नाही म्हणून मुलाला दुसरीकडे घेत नाहीत. काय करावे?

शिक्षण हक्क कायद्याच्या कलम ५ मध्ये राज्यांतर्गत किंवा राज्याबाहेर शाळा बदलण्याचा हक्क स्पष्ट शब्दांत दिलेला आहे. मुख्याध्यापकांनी दाखला ताबडतोब द्यायचा असतो, आणि दाखला यायला उशीर झाला, म्हणून नवी शाळा प्रवेश लांबवू किंवा नाकारू शकत नाही. कलम १४ नुसार वयाचा पुरावा नसला तरी प्रवेश द्यावाच लागतो. मूल मागे पडले असेल, तर त्याला वयाला योग्य अशा वर्गात बसवून विशेष प्रशिक्षण द्यायचे असते.

हे कायद्याचे झाले. प्रत्यक्षात टोळी मुकादमाने ठरवलेल्या दिवशी निघते, ट्रॅक्टर पहाटे येतो, आणि दाखला आणायला कोणाला वेळ नसतो. कारखान्याजवळच्या फडात एका बाईने मला पत्र्याच्या पेटीतून प्लॅस्टिकची पिशवी काढून दाखवली होती. तिच्यात रेशन कार्ड, उचलीचा कागद आणि मुलाच्या तिसरीच्या प्रगतिपुस्तकाची घडी पडून फाटत आलेली प्रत होती. मूल पाचवीच्या वयाचे होते आणि वाढ्यांची मोळी डोक्यावर घेऊन बैलांकडे चालले होते. त्याला शाळेत घेण्यासाठी ते प्रगतिपुस्तक पुरेसे होते, पण हे त्या बाईला कोणी सांगितले नव्हते, आणि जवळच्या शाळेलाही कोणी विचारले नव्हते.

म्हणून जवळच्या सरकारी शाळेत थेट जावे. प्रवेश नाकारला, तर ‘प्रवेश नाकारला’ असे लेखी मागावे आणि क्षेत्र शिक्षणाधिकाऱ्यांकडे, म्हणजे बीईओ कचेरीत, अर्ज द्यावा. मुलाच्या हक्काविषयीचे गाऱ्हाणे स्थानिक प्राधिकरणाने तीन महिन्यांत निकाली काढायचे असते. त्यावरचे अपील बालहक्क आयोगाकडे जाते.

प्रश्न : घरी विड्या वळताना मुले हात लावतात. हा गुन्हा आहे का?

निपाणी परिसरात हा प्रश्न हमखास येतो. चौदा वर्षांखालील मुलाला कोणत्याही कामावर ठेवण्यास २०१६ च्या दुरुस्तीनंतर पूर्ण बंदी आहे, आणि विडी वळणे तर १९८६ च्या मूळ कायद्यातच मुलांना मनाई असलेल्या कामांत होते. शाळेनंतर घरच्या व्यवसायात मदत करण्याची सवलत कायद्यात आहे. पण २०१७ च्या नियमांनुसार ती मदत कमाईसाठी नसावी, शाळेच्या वेळेत नसावी, आणि संध्याकाळी सात ते सकाळी आठ या वेळेत तर मुळीच नसावी. ठेकेदाराने दिलेल्या तंबाखूच्या हिशेबाच्या विड्या पुऱ्या करण्यासाठी आठ वर्षांची मुलगी रात्री आईशेजारी दोरा बांधत बसत असेल, तर तो घरचा व्यवसाय नव्हे, ती मजुरी आहे. त्या आईला गुन्हेगार ठरवावे, असे मला वाटत नाही, आणि कायद्यानेही पहिल्या वेळी पालकांना शिक्षेतून वगळले आहे. जबाबदारी तिला इतका कमी दर देणाऱ्यांची आहे.

प्रश्न : मुलाला मराठी माध्यमात शिकवण्याचा हक्क कर्नाटकात आहे का?

आहे. १९५६ मध्ये संविधानात आलेल्या अनुच्छेद ३५०-क नुसार भाषिक अल्पसंख्याक मुलांना प्राथमिक टप्प्यावर मातृभाषेत शिक्षणाची पुरेशी सोय करणे हे राज्याचे आणि स्थानिक संस्थांचे काम आहे. शाळेत चाळीस किंवा वर्गात दहा मुले त्या भाषेची असतील तर शिक्षक द्यावा, हा दंडक १९४९ पासून चालत आला आहे. अनुच्छेद ३५०-ख खाली भाषिक अल्पसंख्याकांसाठी आयुक्त नेमलेले असतात, आणि त्यांच्या विभागीय कार्यालयांत बेळगावचा समावेश होता. त्यांचा अहवाल राष्ट्रपतींकडे आणि संसदेपुढे जातो. म्हणून मराठी शाळेत शिक्षक नसल्याची तक्रार त्यांच्याकडेही लेखी नोंदवावी.

६ मे २०१४ रोजी सर्वोच्च न्यायालयाच्या घटनापीठाने कर्नाटकाच्याच प्रकरणात निर्णय दिला की, प्राथमिक शिक्षणाचे माध्यम मुलाच्या वतीने पालक निवडतात. राज्याला मातृभाषेचीही सक्ती करता येत नाही. म्हणजे मराठी शाळा टिकवायची, तर ती पालकांनी निवडली पाहिजे. दुसरीकडे, २०१५ च्या राज्य कायद्याने सर्व शाळांत कन्नड ही पहिली किंवा दुसरी भाषा म्हणून शिकवली जाते. मुलांनी चांगले कन्नड शिकावे, असे मी प्रत्येक पालकाला सांगतो. मराठीत शिकण्याचा हक्क आणि कन्नड येण्याची गरज यांत कोणताही विरोध नाही, आणि वर सांगितलेल्या त्या चार पानांवर सही करण्याची वेळ आली, तर त्यांतले वाक्य वाचता येणारी पिढी घडायला हवी.

प्रश्न : शिक्षक मारतात. तक्रार केली, तर मुलावर राग काढतील.

शिक्षण हक्क कायद्याच्या कलम १७ ने शारीरिक शिक्षा आणि मानसिक छळ दोन्हींना बंदी घातली आहे. पालकाने एकट्याने जाऊ नये. शाळा विकास व देखरेख समितीत, म्हणजे एसडीएमसीत, पालक सदस्य असतात. त्यांना सोबत घ्यावे आणि बैठकीच्या इतिवृत्तात विषय नोंदवून घ्यावा. इजा झाली असेल, तर आधी सरकारी दवाखाना, मग बाकीचे सारे.

प्रश्न : खानापूर भागातील मुली गोव्यात घरकामाला जातात. तेथे काही झाले तर?

गोव्याने २००३ मध्ये स्वतःचा बाल कायदा केला. मुलांसाठी स्वतंत्र न्यायालय नेमणारे ते राज्य आहे. तेथे अन्याय झाला, तर केंद्रीय कायद्यांसोबत हा कायदाही मुलीच्या बाजूने उभा राहतो. पण सर्वांत आधी हे लक्षात ठेवावे की चौदा वर्षांखालील मुलीला घरकामाला पाठवणेच बेकायदा आहे, मग नेणारी बाई नात्यातली का असेना.

प्रश्न : युरोपात जसे मानवी हक्कांचे न्यायालय आहे, तसे आपल्याकडे काही आहे का?

नाही. युरोपाचे न्यायालय स्ट्रासबर्गला आहे, अमेरिका खंडातील देशांचे कोस्टा रिकात आहे, आणि आफ्रिकेत तर १९९० मध्ये मुलांच्या हक्कांची वेगळी सनदच तयार झाली. आशियात असे न्यायालय नाही. सार्क देशांनी २००२ मध्ये काठमांडूत बालकल्याणाविषयी करार केला, पण त्याखाली व्यक्तीला दाद मागता येत नाही. भारताने १९९२ मध्ये संयुक्त राष्ट्रांची बालहक्क संहिता स्वीकारली आणि वरचे अनेक कायदे तिच्या आधारानेच झाले. तेव्हा आपल्यासाठी खरी दाद मागण्याची जागा म्हणजे राज्याचे आयोग, जिल्ह्याचे न्यायालय आणि उच्च न्यायालयाचे धारवाड खंडपीठ. ते २०१३ पासून कायम झाले आहे, त्यामुळे बेळगावकरांना बेंगळूरला जावे लागत नाही. सीमेपलीकडे घडलेल्या प्रकरणासाठी ऑगस्ट २०२५ पासून कोल्हापूरला मुंबई उच्च न्यायालयाचे सर्किट खंडपीठही सुरू झाले आहे.

प्रश्न : वकिलाला द्यायला पैसे नाहीत.

१९८७ च्या विधिसेवा कायद्याच्या कलम १२ नुसार प्रत्येक स्त्रीला आणि प्रत्येक मुलाला मोफत वकील मिळतो. उत्पन्नाची अट नाही. जिल्हा न्यायालयाच्या आवारातील विधिसेवा प्राधिकरणात साधा अर्ज करावा, किंवा १५१०० वर फोन करावा.

प्रश्न : मुलांना स्वतःला कोठे बोलता येते का?

कर्नाटकात ग्रामपंचायतींनी मुलांची ग्रामसभा घ्यायची असते. तिला कन्नडमध्ये ‘मक्कळ ग्रामसभा’ म्हणतात. तेथे मुले पंचायत विकास अधिकाऱ्यांसमोर थेट प्रश्न मांडतात : शौचालयाला दार नाही, एसटी वेळेवर येत नाही, शाळेच्या वाटेवर दारूचे दुकान आहे. मराठी गावांत ही सभा पुष्कळदा कागदावरच उरकली जाते. पंचायतीकडे तिची तारीख विचारावी आणि मुलांना मराठीत बोलू द्यावे, असा आग्रह धरावा.

प्रश्न : तक्रारअर्ज कसा लिहावा?

अर्ज एका पानाचा असावा. घटना कधी, कोठे आणि कोणाकडून घडली, ते सरळ क्रमाने लिहावे. ऐकीव गोष्ट असेल, तर ‘असे ऐकले’ असेच लिहावे. आपल्याला नेमके काय हवे आहे, ते वेगळ्या ओळीत लिहावे : गुन्हा नोंदवावा, मुलाला प्रवेश द्यावा, मराठी दुभाषी द्यावा. मुलाचे नाव आणि ओळख पटेल असा तपशील कोणत्याही समाजमाध्यमावर किंवा गावच्या ग्रुपवर टाकू नये. पोक्सो प्रकरणात तसे करणे हाच गुन्हा आहे. अर्जाच्या दोन प्रती न्याव्यात, एक द्यावी आणि दुसरीवर तारीख, शिक्का आणि घेणाऱ्याची सही अशी पोच घ्यावी. पोच द्यायला नकार दिला, तर तेथे वाद घालत उभे राहू नये. त्याच दिवशी तोच अर्ज रजिस्टर्ड टपालाने पाठवावा आणि टपालाची पावती अर्जाच्या प्रतीला टाचून ठेवावी.